जिजाबाईंची सीट

“एक कमी आहे!”

सहल नेणाऱ्या दत्तारामने तोंडातली शिट्टी काढली, गाडीच्या दारात उभं राहून पुन्हा डोकी मोजली आणि हातातला कागद डोळ्यांजवळ नेला. “जिजाबाई कोण? जिजाबाई आल्या नाहीत का अजून?”

सकाळचे सहा वाजले होते. भाईंदर पश्चिमेला भाजी मार्केटच्या तोंडाशी टेम्पो ट्रॅव्हलर उभी होती आणि जुलैअखेरचा कंटाळवाणा पाऊस काचांवरून ओघळत होता. पाच दिवस, चार शहरं, दोन धबधबे, आंबोलीचा घाट. बारा सीटची छोटी सहल. अकरा जण आपापल्या जागी बसले होते, आणि दुसऱ्या रांगेत खिडकीच्या सीटवर माणसाऐवजी एक हिरवी कापडी पिशवी ठेवलेली होती.

पिशवीशेजारी बसलेल्या समिधाने मान वर केली. “जिजाबाई माझी आई. मार्चमध्ये गेली ती. मी तुमच्या ऑफिसात सांगितलं होतं... तिची सीट तशीच ठेवायची आहे.”

दत्तारामने जीभ चावली, “सॉरी मॅडम, कागद जानेवारीतला आहे,” म्हणाला आणि ड्रायव्हरला खूण केली. माणूस वाईट नव्हता. पण मोजायची सवय अशी की, लोणावळ्याला चहा झाल्यावर तो पुन्हा दारात उभा राहिला आणि पुन्हा ओरडला, “एक कमी आहे!”

जिजाबाईंनी ही सहल हौसेने ठरवली होती. उभा जन्म भाईंदर आणि रत्नागिरी यांच्यामध्ये गेलेली बाई ती. “एकदा तरी नुसतं बघायला म्हणून जाऊ गं, कुणाच्या लग्नाला नको, बाराव्याला नको,” म्हणाली होती. आणि मग तिचंच बारावं आधी आलं. समिधा लॅबमध्ये लोकांचं रक्त तपासायची, रिपोर्टमधले आकडे तिला कळायचे. आईचे आकडे तिने रोज पाहिले होते, रोज थोडे थोडे उतरताना. त्यानंतर तिने मनाशी एकच गोष्ट पक्की केली होती. आता कुणासाठी असा जीव टांगणीला लावायचा नाही. मामांनी चिपळूणचं स्थळ आणलं होतं. मुलगा बँकेत, सरळमार्गी, संध्याकाळी सहाला घरी. आई गेल्यावर वर्षाच्या आत लग्न उरकलं नाही तर तीन वर्षं थांबावं लागतं, म्हणून मामा घाईला आले होते. मुलगा तिला आवडला नव्हता, नावडलाही नव्हता. सहलीहून आल्यावर हो म्हणायचं, असं तिने ठरवूनच टाकलं होतं.

साताऱ्याच्या अलीकडच्या घाटात मागून कुणीतरी कण्हलं.

शेवटच्या रांगेतल्या एकट्या सीटवर एक उंच, सावळा, रुंद खांद्यांचा तरुण मान खाली घालून बसला होता. चेहरा पार पांढराफटक. दत्ताराम त्याला हाताला धरून पुढे घेऊन आला. “मॅडम, यांना गाडी लागतेय. ही सीट मोकळीच आहे ना?”

“नाही,” समिधा म्हणाली. स्वतःच्या आवाजातला कोरडेपणा तिचा तिलाच बोचला.

तरुणाने पिशवीकडे पाहिलं, मग तिच्याकडे. “राहू दे हो,” तो दत्तारामला म्हणाला, “बसलेलं हाय ना कुणीतरी तिथं.” आणि तोंडावर रुमाल दाबून तो मुकाट्याने मागे गेला.

साताऱ्याला उतरेपर्यंत समिधाला चैन पडलं नाही. शेवटी आईच्या पिशवीतून आवळा सुपारीची डबी काढून ती त्याच्यासमोर उभी राहिली. “घ्या. आईची आहे. तिलाही लागायची गाडी.”

“थँक्यू.” त्याने दोन तुकडे तोंडात टाकले. “निकेत. उत्तनचा.”

“उत्तनचे? म्हणजे—”

“कोळी. बोट हाय आमची, रामनाथची बोलतात. बाबा माझा.” तो कसनुसं हसला. “बोला आता. सगळे बोलतात.”

“मी काही बोलले नाही.” पण तिच्या ओठांचा कोपरा हलला होता. “समुद्रात नाही लागत?”

“समुद्रात कशाला लागंल? तिथं पाणी हलतं. इथं रस्ता हलतोय.”

ती हसली. मार्चनंतर पहिल्यांदाच. आणि लगेच तिला अपराध्यासारखं वाटलं.

ठोसेघरच्या धबधब्यासमोर धुकं इतकं दाट होतं की, पाणी दिसण्याऐवजी नुसतं ऐकूच येत होतं. कठड्याशी निकेत तिच्यापासून हातभर अंतरावर उभा राहिला.

“जन्मभर पाणी बघितलंत, आणि सुट्टीत धबधबे बघायला आलात?” तिने विचारलं.

“वरून पडणारं न्हवतं बघितलं. आमच्याकडं सगळं आडवं.” मग जरा थांबून म्हणाला, “मासेमारीला बंदी चालू हाय ना. दोन महिने बोट वर ओढलेली. बहीण बोलली, घरात बसून भिंती नको बघू... जा कुठंतरी.”

परत गाडीत चढताना दत्ताराम दारात उभाच होता. नऊ, दहा, अकरा... समिधाने डोळे मिटून घेतले. पण तिला उत्तर द्यावंच लागलं नाही. मागून शांत आवाज आला, “बरोबर हाय, अकराच. निघा.”

त्या दिवसापासून तेच सुरू झालं. कोल्हापुरात देवळाबाहेर, रंकाळ्यावर, मिसळ खाऊन निघताना... दत्तारामचं बोट अकरावर अडखळलं की निकेत म्हणायचा, “बरोबर हाय, अकराच.” तिच्याकडे न बघता, जसं काही ते त्याचंच काम होतं. समिधाला पहिल्यांदा बरं वाटलं. दुसऱ्यांदा रडू आलं. तिसऱ्यांदा मात्र ती त्या आवाजाची वाट बघू लागली, आणि हे तिच्या लक्षात आल्यावर ती घाबरली.

या गाडीचा एक नियम होता. रोज सकाळी सगळ्यांनी एक रांग मागे सरकायचं, शेवटच्यांनी पुढे यायचं, म्हणजे पुढच्या काचेवरून भांडणं नकोत. समिधा पिशवी उचलायची, मागच्या खिडकीशी ठेवायची, स्वतः शेजारी बसायची. तिसऱ्या दिवशी ती शेवटच्या रांगेत गेली आणि निकेत दुसऱ्या. बेळगावपर्यंत त्याची मान काही ना काही कारण काढून मागे वळत होती.

“काय बघताय सारखं?” मिठाईच्या दुकानात कुंदा घ्यायला उतरले तेव्हा तिने विचारलं.

“पिशवी नीट हाय ना, बघत व्हतो.”

“पिशवीच?”

“पिशवीच्या शेजारचं पण... बघितलं थोडं.”

गोकाकला नदी तांबडी लाल होऊन कोसळत होती. आवाज एवढा की, कानाशी तोंड नेल्याशिवाय बोलता येईना. तुषारांनी तिचे केस ओले झाले होते. त्याने छत्री तिच्यावर धरली आणि स्वतः भिजत राहिला.

“एक विचारू?” ती त्याच्या कानाशी म्हणाली. “माझ्यासाठी का उत्तर देता रोज?”

तो तिच्या कानाशी वाकला.

“बोटीवर पण मोजतात,” तो म्हणाला. “धक्क्याला लागलो की बाबा काठावरून मोजतो. दोन वर्षं झाली... सहा गेलो व्हतो, पाच आलो. माझा भाऊ. विठू. रात्रीची लाट आली, आणि तो जाळ्याजवळ न्हवता एवढंच कळलं.” त्याने ओल्या हाताने चेहरा पुसला. “बाबा अजून पाचावर थांबतो. मग सहावा शोधतो. बोलता येत न्हाय मला त्याला, का बरोबर हाय, पाचच. तुमच्यासाठी येतं बोलता. म्हणून बोललो.”

समिधाने छत्रीचा दांडा धरला, त्याच्या हाताच्या अगदी वर. दोघंही तसेच उभे राहिले, शिट्टी वाजेपर्यंत.

चौथ्या दिवशी समिधा सगळ्यांत पुढच्या रांगेत आली आणि आंबोलीचा घाट समोर उघडला. ढग रस्त्यावर उतरलेले, दोन्ही बाजूंनी पाणी, वळणावर वळण. तिसऱ्या रांगेत निकेत पुन्हा पांढरा पडला होता. दत्ताराम या खेपेला काही बोलला नाही. समिधाने दोन वळणं सहन केली. मग तिने हिरवी पिशवी उचलली, आपल्या मांडीवर घेतली आणि मागे वळून म्हणाली, “निकेत... या इकडे. बसा.”

गाडीतले सगळे एकदम खिडकीबाहेर बघू लागले. तो धरत धरत पुढे आला, सीटच्या टोकाशी टेकला. “आईंना अडचण न्हाय ना?”

“तिला खिडकी फार आवडायची,” समिधा म्हणाली. तिचे डोळे भरून आले होते. “आणि आजारी माणूस तसाच मागे ठेवला असता तर मलाच ओरडली असती. नीट टेकून बसा.”

त्याचा खांदा वळणावर तिच्या खांद्याला लागायचा आणि तो घाईने सावरून बसायचा. शेवटच्या वळणांवर त्याने सावरणं सोडून दिलं, आणि तिनेही खांदा काढून घेतला नाही.

सावंतवाडीला संध्याकाळी मोती तलावाच्या काठाने सगळे पांगले. निकेतने बाजारातून एक लाकडी बोट घेतली होती, तळहाताएवढी, पिवळ्या रंगाची.

“ही तुला,” तो म्हणाला. तो ‘तू’ म्हणाला, हे दोघांनाही एकदमच कळलं. “समिधा, सरळच बोलतो. नारळी पुनवेला नारळ दिला की बोट निघणार. त्याच्या आधी... मला आवडतेस तू. घरी काय सांगायचं ते मी सांगेन. तू फक्त हो बोल.”

तलावात दिवे थरथरत होते. समिधाने कठडा धरला. हो म्हणावंसं तिला वाटत होतं. मनापासून वाटत होतं.

“बोट सोडशील?” तिने विचारलं.

“दुसरं काय येतंय मला? आणि मी सोडली तर बाबा जाईल. सत्तरीला आलाय.”

“मग नको.” तिने कठड्यावरचा हात काढला. “माझ्याच्याने परत नाही होणार, निकेत. रोज वाट बघायची, रोज मोजायचं... एकदा मोजून बसलेय मी. चिपळूणचं एक स्थळ आहे. तो सहाला घरी येतो. मला तेवढंच हवंय.”

“तेवढंच?”

तिने ती लाकडी बोट मात्र परत केली नाही.

पाचव्या दिवशी पुन्हा एक रांग मागे. तो शेवटच्या एकट्या सीटवर जाऊन बसला, पिशवी खिडकीशी परत आली. वाटेत जेवायला थांबले तेव्हाही तो म्हणाला, “बरोबर हाय, अकराच,” पण आवाज थकलेला होता. भाईंदरला पोहोचले तेव्हा मार्केट गजबजलेलं होतं आणि पाऊस तसाच. दत्तारामने सगळ्यांचे फोटो काढले आणि ते पाठवायला सगळ्यांचा एक ग्रुपही केला. निकेतने तिची बॅग रिक्षात ठेवली, “सांभाळून,” एवढंच म्हणाला आणि उत्तनच्या बसकडे वळला.

ऑगस्टचे दिवस ओल्या कपड्यांसारखे न वाळता लोंबत राहिले. समिधा लॅबमध्ये जायची, यायची, पिवळी बोट फ्रिजवर ठेवलेली असायची. मामांना ती रोज उद्या सांगते म्हणायची. नारळी पौर्णिमा झाली. मग एका सोमवारी त्याचा मेसेज आला. “आज निघतोय. शुक्रवारी दुपारी परत.” बाकी काही नाही. तिने उत्तर दिलं नाही.

त्या रात्री वारा सुटला आणि ती जागी राहिली. मंगळवारी तिने हवामानाच्या बातम्या तीनदा बघितल्या. बुधवारी रक्ताच्या नळ्यांवर नावं लिहिताना तिच्या लक्षात आलं की, नको नको म्हणत आपण मोजायला कधीच सुरुवात केली आहे. हो म्हटलं नव्हतं, तरी भीती आली होती. मग नुसती भीतीच घेऊन बसायचं आणि माणूस सोडून द्यायचा, हा कुठला शहाणपणा?

शुक्रवारी दुपारी उत्तनच्या बसमध्ये बसून तिने मामांना फोन लावला. “मामा, चिपळूणला नाही म्हणून कळवा.”

“अगं, पण मग तीन वर्षं थांबावं लागेल!”

“थांबते,” समिधा म्हणाली.

धक्क्यावर सुकटीचा वास आणि बारीक पाऊस होता. एका उलट्या लाकडी खोक्यावर एक म्हातारा कोळी एकटाच समुद्राकडे बघत बसला होता. तोच उंच बांधा, तेच रुंद खांदे. वेगळं विचारायची गरजच नव्हती.

“रामनाथकाका?”

त्याने वर पाहिलं. तिचा पंजाबी ड्रेस, खांद्यावरची हिरवी पिशवी, हातातली लाकडी बोट, सगळं निरखलं. “कोनची गो तू?”

“मी... निकेत सहलीला आला होता ना, त्या गाडीतली.”

म्हाताऱ्याने खोक्यावर सरकून अर्धी जागा मोकळी केली. “बस. बोट यायला येल हाय अजून.”

दोघं बसून राहिले. तासाभराने करड्या पाण्यावर एक ठिपका दिसला, मग डोलकाठी, मग बोटीवरचा झेंडा. रामनाथकाका उठून उभा राहिला. डोळ्यांवर हात धरून त्याने मोजायला सुरुवात केली. “एक... दोन... तीन... चार... पाच...”

आणि तो थांबला. त्याची नजर बोटीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरू लागली. ओठ हलत होते, आकडा बाहेर पडत नव्हता.

समिधाने त्याच्या दुसऱ्या, खरबरीत हातावर हात ठेवला.

“बरोबर आहेत, काका,” ती हळूच म्हणाली. “पाचच.”

म्हाताऱ्याने तिच्याकडे पाहिलं. मग त्याचा हात डोळ्यांवरून खाली आला आणि तो खोक्यावर परत बसला, दोन वर्षांत पहिल्यांदा, सहावा न शोधता.

बोट जवळ आली. बोटीच्या पुढच्या टोकाशी, नाळेवर दोर घेऊन उभ्या असलेल्या निकेतने धक्क्याकडे पाहिलं. दोर त्याच्या हातातच राहिला. मागून कोणीतरी ओरडलं, “अरे, टाक की दोर!” पण तो नुसता बघत होता, पावसाने भिजलेला चेहरा हळूहळू उजळत होता.

“बाबा,” तो तिथूनच ओरडला, आणि त्याचा आवाज फाटला, “काठावर आज एक जास्त हाय!”