जुना खेळ, ज्वारीचं रान

दिवसभर लोकांचे ऑनलाइन फॉर्म भरून रोहिणीचे डोळे आंबले होते. तशात तिच्या केंद्रातलं नेट गेलं, म्हणून ती केजच्या बाजारातल्या अजिनाथच्या कंप्युटर दुरुस्तीच्या दुकानात शिरली. दुकानात कुणीच नव्हतं. फॉर्मची मुदत त्याच संध्याकाळी संपत होती, अन् गरजवंताला अक्कल नसते. कोपऱ्यातल्या कंप्युटरची नेटची वायर काढून ठेवलेली दिसली; तिनं ती खुशाल लावली.

चहा घेऊन आलेला अजिनाथ दारातच थिजला.

"नेट लावलं?... कशापायी लावलं हो?"

नेट मिळताच पडद्यावर त्याचा जुना खेळ आपोआप पुसून नवा बसत होता. कंपनीनं खेळ नव्यानं रंगवून विकायला काढला, अन् जुना मिळेनासा झाला. म्हणून तर या कंप्युटरला त्यानं कधी नेट दाखवलं नव्हतं.

"नवा लई छान दिसतोय की..." ती चाचरली.

"दिसतो. पण सारखा पळवतो. जुन्यात नदीकाठी नुसतं बसता यायचं. काम संपलं की मी तितंच बसायचो." तो स्टुलावर टेकला. "जाऊ द्या. च्या घ्या."

ओरडला असता तर बरं झालं असतं! त्या दमलेल्या आवाजानं तिच्या जिवाला घोर लावला. येता-जाता ती डोकावायची — "सापडला का?" तो नकाराची मान हलवायचा, अन् दुसरा कप पुढं करायचा. होता होता तिला त्या कपाचीच ओढ लागली.

हुरड्याच्या दिवसांत ती नेकनूरला आसाराममामाकडं गेली. पाखरं हाकायला मामानं भंगारातल्या सीड्या रानभर टांगल्या होत्या. असले जुने खेळ सीडीवरच यायचे, म्हणून ज्वारीत शिरून तिनं एकेक सीडी उलटून पाहिली, पात्यांनी हात कापले, अन् एकीवर त्याच खेळाचं नाव सापडलं!

अजिनाथनं सीडी हळुवार धुतली. दोन कंप्युटरांनी ती नाकारली, तिसऱ्यात खरखरली... अन् नदी दिसू लागली. फिकट, ओबडधोबड. दोघं पाहत राहिले. रोहिणीला मात्र भरून आलं. खेळ मिळाला, आता इथं यायचं ते कोणत्या निमित्तानं?

अजिनाथनं कोरी सीडी भरून तिच्यापुढं धरली. "ही नक्कल तुमी ठिवा. एकाच घरात असलं की असं जातं. दोन घरी असलेलं बरं."

"आमच्या घरी कंप्युटर न्हाई."

"नुसती ठिवा. मी... येत जाईन बघायला."

"खेळ?"

त्याचे कान लाल झाले. "खेळ बी..."

आडवळणं घ्यायचं त्राण रोहिणीत उरलं नव्हतं. तिनं सीडी त्याच्याच हातात परत ठेवली.

"मग दोन घरं करायचीच कशाला?"