मार्केझाच्या गळ्यातली घंटा

तुलियो आणि देल्फीनाची भेट घडवून आणली ती एका गाईने, आणि तीही निव्वळ भुकेपोटी.

नऊ दिवस हा तुलियो आमच्या दरीच्या वरच्या कुरणात, गवताने मढवलेल्या जाळीखाली पालथा पडून होता. हाडं उंचावरून खडकावर टाकून फोडणारं दाढीवालं गिधाड त्याला कॅमेऱ्यात पकडायचं होतं. दहाव्या दिवशी देल्फीनाची गाय मार्केझा आली आणि शांतपणे जाळीवरचं गवत खाऊ लागली. गवत संपल्यावर खाली माणूस निघाला. तोवर मागून देल्फीनाही पोचली.

"जिवंत आहात ना?"

"हळू बोला... पक्षी ऐकेल."

"म्हणजे ते मिलानचे सिनेमावाले तुम्हीच. नाक पुसा, तिने चाटलंय."

तुलियोने मगरी, ज्वालामुखी, हिमकडे असं सगळं न डगमगता चित्रित केलं होतं. नाक पुसताना मात्र तो लाजला.

मग रोज दुपारी तो दूध मागायला येऊ लागला. दूध त्याला पचत नाही, हे आम्हाला लग्नानंतर कळलं.

अडचण होती घंटांची. त्याला रानाचा निर्भेळ आवाज हवा होता आणि देल्फीनाच्या वीस गाई दिवसभर किणकिणत. आमच्याकडे घंटा म्हणजे दागिना नव्हे; धुक्यात कुठली गाय कुठे आहे, ते आवाजावरून कळतं. अडखळत, टोपी कुरवाळत, त्याने फक्त एक सकाळ मागितली. देल्फीनाने वीसही घंटांमध्ये गवत कोंबलं. हे आमच्याकडे कोणी सख्ख्या भावासाठीही करत नाही.

नेमकं त्याच सकाळी धुकं उतरलं. जरा विरळ झालं तेव्हा गाई एकोणीस होत्या. मार्केझा नव्हती. आमच्याकडे ऑक्टोबरात गाईंची झुंज लागते आणि जिंकणारी राणी होते; यंदा ती हीच ठरणार होती. आणि कुरणाच्या टोकाला सरळ कडा. देल्फीना कड्याकडे बघू लागली. त्यानेच तुलियो जास्त घाबरला.

कॅमेरा टेकडीवर तसाच सोडून तो लांब दांड्याचा माइक घेऊन धावत आला. हेडफोन त्याने तिच्या कानांवर ठेवले... बोटं केसांत क्षणभर रेंगाळली.

"मी फिरवतो. तू ऐक."

ओढा. वारा. मग मागून, जिथे धुकं फाटलं होतं तिथून — खडकावर हाड फुटल्याचा कडाड आवाज.

"तुमचं गिधाड," ती हळूच म्हणाली. "पळा, अजून सापडेल."

तुलियोने मान वळवली नाही. "गाय कुठे आहे?"

ती पुन्हा ऐकू लागली. "डावीकडे... चघळताना मध्येच उसासा टाकते, तीच."

मार्केझा कड्यापासून चार पावलांवर फुलं खात होती. पश्चात्तापाचं चिन्ह नव्हतं.

देल्फीनाने तिच्या घंटेतलं गवत उपसलं. "इतके दिवस फुकट गेले ना तुमचे?"

"नाही... पण आता पुढच्या मोहिमेवर जावंसं वाटत नाही. तू म्हणालीस तर राहतो."

"जा की. काम सोडलेला माणूस घरात फार बोलतो." तिने एप्रनच्या खिशातून वासराची छोटी घंटा काढली. "ही बांधून जा. आणि ऐकू येईल असा परत ये... मी इथेच आहे."

लग्न पुढच्या उन्हाळ्यात झालं. मार्केझा राणी झाली होती, म्हणून मान तिचा पहिला.

तुलियो हिवाळ्यात मोहिमांवर असतो. ती छोटी घंटा कॅमेऱ्याच्या तिपाईला बांधलेली असते. त्याच्या पेंग्विनवरच्या चित्रपटात दूरवर किणकिण ऐकू येते. दक्षिण ध्रुवावर गाई नसतात, असं एका समीक्षकाने रागावून लिहिलं.

तो दूर असला की देल्फीना तो चित्रपट लावते. पडद्याकडे बघत नाही, चीजला मीठ चोळत असते. किणकिण झाली की फक्त म्हणते, "आहे."