तुमचंच आहे

आम्हा इराण्यांच्या सौजन्याला मी वैतागले आहे. यंदा शाळेच्या वादविवादात पहिली आले, भल्याभल्यांची तोंडं बंद केली, पण मामानपुढे, म्हणजे आईपुढे, माझं काही चालत नाही. टोरांटोत वीस वर्षं काढूनही तिची सवय जात नाही. कुणी तिच्या वस्तूचं कौतुक केलं की म्हणायचं, "तुमचंच आहे, घेऊन जा." समोरच्यानं तीनदा नको म्हणायचं. तोवर माझी बस चुकलेली असते.

शनिवारी दुपारी लायब्ररीच्या तळघरातल्या हॉलमध्ये तिच्या चित्रांचं प्रदर्शन होतं. सात चित्रं. इराणमधलं रश्तचं घर सोडताना तिला एकही फोटो आणता आला नव्हता. जे उरलं ते तिच्या डोक्यात, आणि आता त्या भिंतीवर. मी पिस्त्यांची बशी धरून उभी. पाय नुसते ठणकत होते.

चारच्या सुमारास राखाडी कोटातल्या एक वयस्क बाई, खानम, आल्या. बाहेर बर्फाचा चिखल होता, त्यांचे बूट मात्र कोरडे. पहिल्या चित्रापुढे थांबल्या. स्वयंपाकघरात टांगलेल्या लसणाच्या माळा.

"किती सुंदर."

"तुमचंच आहे, खानम."

"आभारी आहे," म्हणाल्या आणि पुढे सरकल्या.

"मामान, त्या नको म्हणाल्याच नाहीत," मी कुजबुजले.

"हळू बोल. वय झालंय त्यांचं."

दुसऱ्या चित्रात छपरावर वाळणारे मावशीचे शाळेचे बूट, तेही त्यांनी तसंच स्वीकारलं. पण चित्रं खिळ्यावरच राहिली. मला हायसं वाटलं. सहज विचारलं, "लसूण आजी टांगायची की आजोबा?"

मामान पहिल्या चित्राकडे बघत राहिली. "कुणाचं आहे गं हे? हात चांगला आहे."

"चेष्टा पुरे."

ती चेष्टा करत नव्हती.

तिसरं. चौथं. मी मध्ये पडले, "खानम, ही द्यायची नाहीत." मामाननं माझ्या कोपराला कचकचून चिमटा काढला. "लाज आणू नकोस. खानम, मनावर घेऊ नका, तुमचंच आहे."

पाचवं. सहावं.

सातव्यात आजोबा दारात उभे होते, मामानला निरोप देताना.

"किती सुंदर," खानम म्हणाल्या.

मी मामानचा हात घट्ट धरला. "हे नाही. आजोबा आहेत ते. मामान, एकदा तरी गप्प बस."

तिचे ओठ हलले. घाम फुटला तिला. पण ती गप्प बसली. जन्मात पहिल्यांदा.

खानम थांबल्या. मग माझ्याकडे वळल्या.

"मुलगी गोड आहे हो."

मामाननं सुटकेचा श्वास सोडला. काहीतरी बोलायला मिळालं होतं.

"तुमचीच आहे."

"आभारी आहे."

मी मामानकडे पाहिलं. तिनं माझ्या हातातली बशी अदबीनं दोन्ही हातांनी घेतली.

"दमला असाल तुम्ही," ती म्हणाली. "फार मदत केलीत. घरचे वाट बघत असतील ना?"

दाराशी खानम उभ्या होत्या, मला घालायला माझा कोट उघडून धरून.