लिंडनच्या पानाचे खोटे नाव

१९५७ च्या एप्रिलमध्ये आरे कॉलनीतल्या एका चढावर मी धामणीच्या झाडाची फुललेली फांदी कापत होते, तेव्हा मागून कोणीतरी म्हणाले, "बाई, ती फांदी म्हशींची आहे."

मी वळून पाहिले. एक तिशीचा गृहस्थ सायकल धरून उभा होता. पांढऱ्या शर्टाच्या बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या, कपाळावर घाम, आणि चेहऱ्यावर चोर पकडल्याचा आनंद.

"ही फांदी ग्रेविया टिलिफोलियाची आहे," मी म्हणाले. "म्हशींची मालकी तिच्यावर कुठे लिहिलेली दिसत नाही."

तो हसला. हसताना त्याचा डावा डोळा उजव्यापेक्षा थोडा आधी मिटत असे. हे निरीक्षण मी त्याच वेळी केले होते, मागाहून जोडलेले नाही. त्याने आपले नाव विद्याधर दिघे असे सांगितले. कॉलनीच्या चारा विभागात तो पर्यवेक्षक होता. उन्हाळ्यात गवत वाळले की धामणीचा पाला जनावरांना घालतात, म्हणून त्या चढावरची झाडे त्याने राखून ठेवली होती. मी माझेही सांगितले : पद्मजा रेगे, अंधेरीच्या कॉलेजात वनस्पतिशास्त्राची डेमॉन्स्ट्रेटर, सोमवारच्या प्रात्यक्षिकाला फुले हवीत. फांदी न्यायला त्याची हरकत नव्हती. मात्र बदल्यात त्याला त्या लांबलचक नावाचा अर्थ हवा होता.

टिलिफोलिया म्हणजे टिलियासारखी पाने असलेली. टिलिया म्हणजे युरोपातला लिंडन वृक्ष. धामण, फालसा, ताग ही सारी त्याच कुळातली, आणि कुळालाही त्याचेच नाव. मी इथेच थांबणार होते, पण त्याने विचारले की मग टिलिया या शब्दाचा अर्थ काय. त्यावर दोन मते आहेत, मी म्हणाले. रोमन लोक त्या झाडाला आणि त्याच्या सालीखालच्या वाखालाही हेच नाव देत. काहींच्या मते मात्र हा शब्द पंख या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून आला, कारण लिंडनच्या फुलांचा देठ एका फिकट, पंखासारख्या पानाला जोडलेला असतो. वाखाला पुरावा आहे, पंखाला नाही.

"मग तुम्ही वाखाच्या बाजूच्या," तो म्हणाला. "मी पंखाच्या. मी तो उडताना पाहिलाय."

तीन वर्षांपूर्वी सरकारने त्याला दुग्धव्यवसायाच्या शिक्षणासाठी नऊ महिने डेन्मार्कला पाठवले होते. तो ज्या घरात राहिला, त्याच्या दारातच लिंडन होता. फुले आली की सगळ्या गल्लीला मधाचा वास यायचा, आणि शरदात ते पंख गरगरत खाली यायचे... हे सांगताना तो माझ्याकडे पाहत नव्हता. चाळीस विद्यार्थ्यांना मी दरवर्षी ज्या झाडाची आकृती फळ्यावर काढून देत असे, ते मी जन्मात पाहिलेले नव्हते. मला हेवा वाटला. तो झाडाबद्दलचा आहे, अशी माझी त्या वेळी समजूत होती.

त्यानंतर दर बुधवारी तीनच्या सुमारास तो कॉलेजात येऊ लागला. सायकलच्या मागे ओल्या पोत्यात एखादी फांदी असे. हे जनावरांना घालावे की नाही, असा त्याचा प्रश्न असे. मी फूल उकलून कूळ सांगत असे. मग तो स्टुलावर बसून चहा घेई आणि म्हशींबद्दल बोले. ते मी किती लक्षपूर्वक ऐकत होते याची मला नंतर लाज वाटली. जूनपर्यंत मी बुधवारी धुवट पातळ नेसणे बंद केले होते. माझी सहकारी विमला हिने ते टिपले, आणि प्रयोगशाळेत इस्त्रीचा वास येऊ लागला आहे असे भिंतीला उद्देशून सांगितले.

ऑगस्टच्या तिसऱ्या बुधवारी त्याच्या हातात फांदी नव्हती. हवाई टपालाचे निळे, पातळ पाकीट होते. पत्त्याचे अक्षर बाईचे, गोलसर आणि कुठलीही घाई नसलेले.

"कारेनचं पत्र," तो म्हणाला. "मी ज्यांच्याकडे राहत होतो ना, त्यांची मुलगी. तुम्हाला खरा लिंडन दाखवावा म्हणून मी मागवलं होतं."

टीपकागदात दाबलेली दोन पाने आणि फुलांचा एक झुबका. पंख खरेच पंखासारखा होता. वाळून पिवळा पडलेला, आरपार शिरा दिसणारा. कारेन तिथल्या शाळेत शिकवत होती. झाड तिच्या वडिलांनी तरुणपणी लावलेले. तेही विज्ञानाचे मास्तर, आता निवृत्त. त्यांनी खोडावर पितळी पाटी लावली होती : टिलिया कॉर्डाटा. कॉर्डाटा म्हणजे हृदयाच्या आकाराची. विद्याधरने पत्रातली एक ओळ मला सहज वाचून दाखवली. पानाचा आकार पाहिलास म्हणजे नाव का पडले ते सांगावे लागणार नाही, अशी ती ओळ होती.

मी माझ्या नाडीचे ठोके मोजले. मिनिटाला ब्याण्णव.

ओळख तपासून नमुना कॉलेजच्या संग्रहात ठेवावा, अशी त्याची इच्छा होती. तो गेल्यावर मी पान भिंगाखाली उलटे धरले. लिंडनच्या दोन जाती ओळखायची खूण साधी आहे. पानाच्या मागे, शिरांच्या बेचक्यांत केसांचे झुबके असतात. ते तांबूस असले तर कॉर्डाटा. पांढुरके असले तर तिच्या संकरातून झालेली दुसरी जात, जिचे नाव व्हल्गॅरिस. म्हणजे सामान्य, सर्रास आढळणारी.

झुबके तांबूस होते. गंजलेल्या खिळ्याइतके स्पष्ट तांबूस.

मी पेन उघडले, चिठ्ठीवर टिलिया व्हल्गॅरिस असे लिहिले, सही केली, तारीख घातली आणि चिठ्ठी नमुन्याच्या कागदावर चिकटवली. माझे अक्षर त्या दिवशी नेहमीपेक्षा चांगले आले होते.

पुढच्या बुधवारी त्याने चिठ्ठी वाचली आणि अर्थ विचारला. मी सांगितला. "सामान्य," तो म्हणाला आणि थोडा हिरमुसला. मग म्हणाला की कारेनला कळवायला हवे, म्हातारबाबांना अशा गोष्टींत फार रस आहे. मी होय म्हणाले... नाही म्हणायला कारण द्यावे लागले असते.

विमलाने तो नमुना सप्टेंबरात सहज भिंगाखाली घेतला. "अगं, हे केस तांबूस आहेत," ती म्हणाली. "पांढरे कुठायत?"

उजेड कमी असेल, असे मी म्हटले.

"उजेड कमी होता की दिघे जवळ होता?" तिने विचारले. मी कागद तिच्या हातून घेऊन कपाटात ठेवला. तिनेही पुन्हा तो विषय काढला नाही. विमलाचे बोलणे फटकळ असले तरी ती कोणाच्या जखमेवर बोट ठेवून बसणारी नव्हती.

नोव्हेंबरात, एका सोमवारी, विद्याधर अवेळी आला. त्याच्याजवळ दोन कागद होते. एक सरकारी अर्ज होता : डेन्मार्कला आणखी एक वर्षाचे शिक्षण, अर्ज शनिवारपर्यंत. दुसरे कारेनचे उत्तर. त्यातला मजकूर त्याने मला सांगितला तो असा. वरची खोली रिकामी आहे. तो यावा असे तिला वाटते, आणि फक्त शिक्षणासाठी यावा असे नाही. शेवटी वडिलांविषयी होते. त्यांनी पत्र दोनदा वाचले, मग शिडी मागवली आणि स्वतः चढून पाटीचे स्क्रू काढले. चाळीस वर्षे मुलांना चुकीचे शिकवले, एवढेच म्हणाले. भारतातल्या तज्ज्ञ बाई म्हणतात म्हणजे तसेच असणार.

"एकाहत्तर वर्षांचे आहेत," विद्याधर म्हणाला. "शिडीवर चढले..."

अर्जाविषयी मला काय वाटते, असे त्याने विचारले. तो तुमचा प्रश्न आहे, मी म्हणाले. तो उठून गेला.

मला खोटे बोलता येत नाही असे माझ्याविषयी सगळे म्हणत. ते माझ्या स्वभावामुळे नव्हते, सरावाच्या अभावामुळे होते. एकदाच सराव केला आणि सात समुद्रांपलीकडच्या एका मास्तराने आपल्या झाडाचे नाव उतरवले.

वाळवलेल्या नमुन्यांच्या संग्रहात एक रीत आहे. कोणी चुकीची ओळख लिहिली असेल तर ती चिठ्ठी फाडायची नाही, खोडायची नाही. तिच्याखाली नवी चिठ्ठी चिकटवायची, त्यावर बरोबर नाव, आपली सही, आजची तारीख. जुनी चूक तिथेच राहते आणि पुढच्या पन्नास वर्षांत जो कोणी ते कपाट उघडेल त्याला दिसते. मंगळवारी सकाळी मी दुसरी चिठ्ठी लावली : टिलिया कॉर्डाटा, पद्मजा रेगे. दोन्ही सह्या एकाखाली एक. मग मी कारेनच्या वडिलांना पत्र लिहिले, नमुन्याचा कागद पुठ्ठ्यांत बांधला, आणि दुपारची आरेची बस धरली.

चारा विभागाच्या आवारात गवताचे भारे रचले जात होते. ओल्या हिरव्या गवताचा वास, खाली गोठ्यांतून येणारा हंबरण्याचा आवाज. तो वजनाच्या काट्याजवळ होता. मला पाहून त्याने हात धोतराला पुसावेत तसे पाटलोणीला पुसले. मी पुठ्ठा उघडून समोर धरला. त्याने दोन्ही चिठ्ठ्या वाचल्या, तारखा वाचल्या.

"म्हणजे तेव्हा चूक झाली."

"नाही," मी म्हणाले. "केस तांबूस आहेत हे मी पहिल्याच दिवशी पाहिलं होतं."

त्याला समजायला वेळ लागला. समजल्यावर त्याचा चेहरा मला अपरिचित झाला. "तुमच्या सहीवर त्या माणसाने स्क्रू काढले, बाई," तो हळू आवाजात म्हणाला. तो ओरडला असता तर मला अधिक सोपे गेले असते.

मी पत्र त्याच्या हातात दिले. त्यात चारच ओळी होत्या. झाड कॉर्डाटाच आहे, पाटी कृपया परत लावावी. चूक माझी आहे आणि ती निरीक्षणाची नव्हती. आपण विद्यार्थ्यांना बरोबर शिकवले. क्षमा असावी.

त्याने ते घडीवर घडी घालून मला परत केले. "कारण नाही लिहिलंस."

तो प्रथमच मला एकेरी बोलला होता, आणि ते त्याच्या लक्षात आले नसावे. माझ्या आले.

"कारण त्यांना सांगायचं नव्हतं," मी म्हणाले. "तुला सांगायचं होतं. मत्सर. तिने पाठवलेल्या झाडाच्या नावात हृदय होतं, आणि ते तुझ्या हातात होतं... मला ते सामान्य हवं होतं. तिचं अक्षर, तिची खोली, ते सगळंच."

एक गडी भारा घेऊन आमच्या मधून गेला. आम्ही दोघेही त्याला वाट देण्यासाठी मागे सरलो आणि पुन्हा होतो तिथेच आलो.

"कारेनला मी अजून काही कळवलेलं नाही," विद्याधर म्हणाला. "काय कळवू? मी दर बुधवारी फांदी आणायचो, तू कूळ सांगायचीस. सात महिने. त्यापलीकडे तू काही बोलशील म्हणून मी चहा सावकाश प्यायचो."

"तू विचारलं असतंस तर—"

"काल विचारलं. तू म्हणालीस, तुमचा प्रश्न आहे."

त्याने खिशातून अर्ज काढला. तो जवळजवळ पूर्ण भरलेला होता. "खोटं कशाला बोलू, पद्मजा, मला जायचंय. ते काम मला शिकायचंय. तिच्या घरी नाही राहणार, वसतिगृह आहे. पण गाव तेच. रस्त्यात ती भेटणार, झाड भेटणार."

जाऊ नकोस, असे म्हणणे मला शक्य होते. त्याने ऐकलेही असते. ते त्याच्या डोळ्यांत दिसत होते. पण मग ती आणखी एक चुकीची चिठ्ठी झाली असती, आणि तिच्याखाली दुसरी चिकटवायला जागा मिळाली नसती. दुसरीकडे, त्याला तसाच, मोकळा, त्या गल्लीत पाठवण्याइतकी मी उदार झाले होते असेही नाही.

"जा," मी म्हणाले. "पण लग्न करून जा."

त्याने माझ्याकडे पाहिले. मग काट्याच्या फळीवर अर्ज पसरला, माझ्या पर्समधले पेन मागून घेतले आणि वैवाहिक स्थितीच्या रकान्यात आधी लिहिलेला शब्द खोडायला सुरुवात केली. मी त्याचा हात धरला. अजून झालेले नाही, मी म्हणाले, सरकारी कागदावर खोटी माहिती देऊ नकोस.

"अर्ज शनिवारी द्यायचाय," तो म्हणाला. हात त्याने सोडवून घेतला नाही. "आज मंगळवार. तुझे वडील घरी किती वाजता येतात?"

"साडेसहाला," मी म्हणाले. "पण तू पावणेसातला ये. ते आधी हातपाय धुतात."