उजेड लागलेले रीळ

१२ मार्च १९८७, सकाळी आठ वाजून दहा मिनिटे. कॅनडातल्या विनिपेगच्या चित्रपट सहकारी संस्थेच्या फ्रीजमध्ये चित्रित रिळांचे सहा डबे असायला हवे होते, होते पाच. सहावा कचऱ्याच्या पिंपात उघडा पडला होता. आतली फिल्म उजेड लागून वाया गेली होती.

यंत्रसामग्री सांभाळणाऱ्या ओरेस्ट हनात्युक यांनी ती फिल्म हातावर घेतली. टोक सरळ होते. कारखान्यातली चिकटपट्टी त्याला अजून तशीच होती.

"गार्नेटचंच काम," दिग्दर्शिका थोरा सिगर्डसन म्हणाली. "त्याचं मोठं दृश्य यातच होतं. काल संध्याकाळी फ्रीजपाशी तोच घुटमळत होता. आजच काढते त्याला."

गार्नेट लावाले हा बेकरीतला पोरगा. नायक म्हणून पहिलाच चित्रपट. तो दारातच उभा होता.

"काय करत होतास तिथे?" ओरेस्टनी त्याला विचारले.

"पेरोगीचा, उकडलेल्या करंज्यांचा, डबा न्यायला आलो होतो."

"फिल्मच्या फ्रीजमध्ये खाणं?"

"तुमचं लोणचंही तिथेच असतं, ओरेस्ट."

छायालेखक लाइल पेनर हसला. "हीरोला स्वतःचा अभिनय सोसला नसेल. जा बाबा, पाव भाज."

"ते दृश्य चांगलं झालं होतं," गार्नेट पुटपुटला.

"आधी तालीम केलीत?" ओरेस्टनी विचारले.

"तीनदा. कॅमेऱ्याची घरघर ऐकली की मी गोठतो. म्हणून तालमीत लाइल रिकामाच कॅमेरा चालवतो."

"मग फिल्म भरायला किती वेळ थांबलात?"

गार्नेट गोंधळला. "थांबलो कुठे? थोरा म्हणाली, रंगात आलाय, लगेच घ्या."

लाइलने खिशातून सिगारेट काढली.

"फिल्म भरताना ही पट्टी सोलावी लागते," ओरेस्ट सावकाश म्हणाले, "आणि टोक दुमडून खाचेत अडकवावं लागतं. इथे पट्टी शाबूत, दुमड नाही. हे रीळ कॅमेऱ्यात गेलेलंच नाही. तालमीचा रिकामा कॅमेराच खऱ्या दृश्यालाही चालला. आत काही नाही, हे फक्त कॅमेरा उघडणाऱ्याला कळतं. त्याने कोरं रीळ उजेडात ओढलं, डब्यावर दृश्याचं नाव लिहिलं आणि पिंपात टाकलं. पोरावर संशय जाणार, हे त्याला ठाऊक होतं. खरं ना, लाइल?"

लाइलने सिगारेट न पेटवताच खिशात परत ठेवली. "तिने घाई केली," तो म्हणाला. "मी विसरलो. सांगायची लाज वाटली."

"आणि माझी लाज?" गार्नेटने विचारले.

थोराने कॅमेरा स्वतः उचलला. "गार्नेट, बेकरीत आज येत नाही म्हणून कळव. दृश्य पुन्हा घेऊ."

तयार चित्रपटात गार्नेटचे दृश्य कायम राहिले: चार मिनिटे, अकरा सेकंद.