तलावातले थोरले

"ये गं... ये ना. किती भाव खाशील?"

पुरुषाचा आवाज होता. दबका, लाडिक. आणि समोर पाण्यावरून उठणाऱ्या वाफेशिवाय काहीच दिसत नव्हतं.

त्या प्राणी केंद्रात माझा पहिलाच दिवस. भल्या सकाळी कचेरीत कोणी नव्हतं. म्हणून मी आपली हिंडत हिंडत मागच्या बाजूला आले, जाळीचं एक फाटक उघडं दिसलं तशी आत शिरले आणि तलावाच्या काठाशी उभी राहिले. पाणी हिरवट, जाड, अजिबात न हलणारं. एक पक्षी नाही, बेडूक नाही. नुसता तो आवाज...

"लाजतेस काय? मी काय परका आहे?"

मला हसूच आलं. "कोणाची मनधरणी चाललीय एवढी?" मी धुक्यात विचारलं.

आवाज एकदम थांबला. मग तोच आवाज, पण अगदी सपाट झालेला, म्हणाला, "बाई, हलू नका. ती तुमच्या पायाशी आहे."

मी खाली पाहिलं. गवतात एक ओंडका होता. ओंडक्याला डोळा होता. पिवळा, उभ्या फटीचा... आणि तो माझ्याकडे बघत होता.

"आता मागे या. सावकाश. पाठ फिरवू नका. अस्सं... शाब्बास."

पाठीला कोणाचा तरी हात लागला, त्यानं मला फाटकाबाहेर ओढलं आणि कडी घातली. उंच, सावळा, बाह्यांपर्यंत ओला झालेला तरुण. माझ्यापेक्षा तोच जास्त थरथरत होता.

"फाटक माझ्याकडून उघडं राहिलं," तो म्हणाला. "माझी चूक. तुम्ही नव्या डॉक्टरीणबाई ना?"

"हो. आणि ती तुमची... लाजरी?"

"आत्याबाई," तो म्हणाला, आणि कानापर्यंत लाल झाला.

कचेरीतले लोक त्याला घुम्या म्हणायचे. माणसांशी दिवसभरात चार शब्द बोलला तर शपथ. सगळं बोलणं मगरींसाठी राखून ठेवलेलं. त्यांची नावंही त्याच्या घराण्यानंच ठेवलेली. त्याच्या आधी त्याचे वडील इथले राखणदार होते. मगरी म्हणजे आत्याबाई, धाकटी, आणि वेळेवर पान वाढलं नाही की आकांडतांडव करणारे जावईबापू. आणि सगळ्यांत मोठे ते थोरले. अधीक्षक सोडले तर त्यांना कोणी "तो" म्हणत नसे. थोरले आले, थोरले गेले, थोरले बघतायत. ते बघतायत हे कळायला त्यांच्याकडे पाहावं लागायचंच नाही. मानेवर काहीतरी थंड चढायचं.

मला बोलावलं होतं ते भांडणांसाठी. मांसाची गाडी यायची, भिंतीवरून कुठेही, कधीही तुकडे फेकायची. एका तुकड्यावर सगळ्या तुटून पडायच्या. पाणी उकळल्यासारखं व्हायचं आणि मग एकदम शांत... आणि त्या शांततेत कोणाचा तरी पाय गेलेला असायचा. मी आले त्याच आठवड्यात जावईबापूंचा पुढचा पंजा फाटला. घुम्यानं दोर धरला, मी टाके घातले.

"हात हलका आहे तुमचा," तो म्हणाला.

"माणसांनाही टाके घालते हं मी. काही फाटलंबिटलं असेल तर सांगा."

त्यानं दोराची गाठ पुन्हा तपासली. मग दोर आवळत पुटपुटला, "बघू. अजून तरी नाही..." आणि पुन्हा कान लाल.

संध्याकाळी अधीक्षकांनी मला बोलावलं. "सगळी नासधूस त्या थोरल्याची आहे," ते म्हणाले. "आणखी एका जनावराचा पाय गेला, तर त्याला संपवायचं. इंजेक्शन तुम्ही द्यायचं."

मी उपाय सांगितला. प्रत्येकाची जागा ठरवायची. काठाला जाळीबाहेर प्रत्येकाच्या नावाची, वेगळ्या रंगाची फळी. रोज ठरल्या वेळी त्या फळीवर काठी वाजवायची आणि त्याचा घास तिथेच, जाळीतल्या झडपेतून द्यायचा. आपलं आपल्याला मिळणार ही खात्री झाली की जनावर दुसऱ्याच्या ताटात तोंड घालत नाही.

"माणसांचंही तसंच असेल," फळ्या ठोकताना घुम्या म्हणाला.

"म्हणजे?"

"म्हणजे... तुम्ही रोज चारला इथे येता. तीनपासूनच मला काही सुचत नाही."

एवढं बोलून त्यानं हातोडी स्वतःच्याच अंगठ्यावर मारून घेतली. मी त्याचा अंगठा धरून फुंकर घातली. गरजेपेक्षा जरा जास्तच वेळ. समोर, पाण्यावर, दोन डोळे वर आले होते आणि मिटत नव्हते.

मगरी शिकल्या. आधी धाकटी, मग आत्याबाई. काठी वाजली की पाण्यावर एक बारीक रेघ उमटायची आणि सरळ आपापल्या फळीशी येऊन थांबायची. इतक्या शिस्तीत, इतक्या गुपचूप, की पूर्वीचा गोंधळ बरा वाटावा. जावईबापूंनीसुद्धा लाल फळीला आपलं सासर मानलं. थोरले सर्वांत उशिरा शिकले, पण शिकले. पांढरी फळी वाजली की ते तळातून उगवायचे, घास घ्यायचे आणि आवाज न करता बुडायचे. जखमा थांबल्या. अधीक्षक हसायला लागले.

मग थोरले येईनासे झाले.

काठी वाजवावी, थांबावं, पुन्हा वाजवावी... काही नाही. पलीकडच्या काठाला जुना घाट होता, शेवाळानं काळा पडलेला, गंजक्या दाराचा, वापरात नसलेला. थोरले त्याच्या खालच्या पायरीला तोंड टेकून पडलेले असायचे. पोट भरलेलं दिसत होतं. चारचा घास चुकवायचे आणि संध्याकाळी पुन्हा भूक लागली की बाकीच्या मगरींवर धावून जायला लागले. एकदा आत्याबाईंची शेपटी धरली.

"कोणीतरी त्यांना खायला घालतंय," मी म्हणाले.

घुम्याचा चेहरा उतरला. "तिथे कोणी जात नाही. त्या पायऱ्यांवरूनच बाबा..."

तेव्हा त्यानं मला सांगितलं. दोन वर्षांपूर्वी पुराच्या पाण्यात तलाव फुटेल म्हणून वडील जादा पाणी सोडायचं दार उघडायला घाटावर गेले. दार उघडलं, तलाव वाचला. वडील परतले नाहीत. चपला सापडल्या. बाकी काही नाही. दारातून वाहून गेले असतील, असं तो म्हणायचा. लोक दुसरंच म्हणायचे, थोरल्यांकडे बघून.

"आई?" मी विचारलं.

"आई सावरली. अगदी पहिल्यासारखी आहे. उलट हल्ली हसते..." तो थांबला. "बाबा सकाळी उजाडताच घास घालायचे. एकदा त्या वेळी वाजवून बघू या का?"

दुसऱ्या दिवशी उजाडता उजाडता मी बादली घेऊन पांढऱ्या फळीशी आले. तो अजून पोचायचा होता. पाऊस नुकता भुरभुरून थांबला होता, पाण्यावर वाफ इतकी दाट की स्वतःचा हात दिसू नये. आणि त्या वाफेतून, पलीकडून, भांड्यावर डाव वाजल्याचा आवाज आला. टण्. टण्.

"अहो..."

बाईचा आवाज. घरातला, साधा, रोजचा.

"अहो, उशीर झाला जरा. रागावलात? पोरगा आज लवकर उठला, त्याची नजर चुकवून यायचं म्हणजे... घ्या ना. तुमच्या आवडीचा मासा आणलाय."

माझ्या अंगावर सरसरून काटा आला. कारण त्यानंतर ती थांबली, जसं आपण समोरच्याचं ऐकून घ्यायला थांबतो. आणि मग हसली. "काहीतरीच तुमचं!"

वाफ जरा विरळ झाली. घाटाच्या अगदी शेवटच्या पायरीवर, घोटाभर पाण्यात, एक बाई पदर खोचून बसली होती. मांडीवर डबा. तिच्या गुडघ्यापासून हातभर अंतरावर थोरल्यांचं तोंड पायरीवर टेकलेलं होतं. अर्धवट उघडं. तिचा हात त्या दातांच्या जवळून सहज जात-येत होता.

ओरडावं तर ती दचकेल. मी जागच्या जागी उभी राहिले. तेवढ्यात घाटाच्या वरच्या दारात घुम्या दिसला. त्यानं पाहिलं. तो धावत सुटला. पायऱ्यांवरचं शेवाळ, धावणारी पावलं... थोरल्यांनी मान वळवली. शेपूट आखडली. पुढे काय होतं ते मला ठाऊक होतं.

मी काठी उचलली आणि पांढऱ्या फळीवर मारली.

काही नाही.

पुन्हा मारली. रोजच्यासारखी, सावकाश, त्याच ठेक्यात. ठेका चुकू दिला नाही. घुम्या आईला खांद्याला धरून वर ओढत होता, ती "अरे, ते जेवतायत, थांब की!" म्हणून हात सोडवत होती... आणि थोरले पायरीवरून निघाले. मागे, पाण्यात. खाली गेले. पाण्यावर एक रेघ उमटली आणि वाफेतून सरळ माझ्याकडे येऊ लागली.

माझ्यापुढे ते वर आले. जाळी मध्ये होती, तरी मी कधी इतकी भ्याले नव्हते. मी झडप उघडून बादलीतला सगळा घास दिला. तो संपल्यावरही ते गेले नाहीत. माझ्याकडे बघत राहिले. मला विचारू नका ते डोळे कसे होते. मी प्राण्यांची डॉक्टर आहे, मला ते मगरीचेच वाटायला हवे होते.

मी वळसा घालून घाटावर गेले, तेव्हा आई पायरीवर शांत बसली होती आणि तो तिच्यापुढे उकिडवा बसून रडत होता.

"आई, ते बाबा नाहीत गं."

"मग कुठे आहेत ते सांग," ती म्हणाली.

त्यानं चेहरा तिच्या गुडघ्यात लपवला.  मी तिच्याजवळ बसले.

"मावशी, तुम्ही इथे अवेळी खायला घालता, म्हणून ते फळीवर येत नाहीत. मग दुसऱ्यांना चावतात. असंच चाललं तर साहेब त्यांना मारायला सांगतील. आणि ते मला करावं लागेल."

तिनं पहिल्यांदाच घाबरून माझ्याकडे पाहिलं.

"तुम्ही रोज या," मी म्हणाले. "पण चार वाजता, पांढऱ्या फळीशी, जाळीबाहेर. काठी तुम्ही वाजवा. बोलायचं ते बोला. पायरीवर मात्र पुन्हा उतरायचं नाही."

"ते येतील तिथे?"

"आत्ताच आले होते."

अधीक्षकांना मी सगळं खरं सांगितलं. ते भडकले, मग त्यांनी घाटाच्या दाराला वेल्डिंग करून घेतलं आणि मावशींना आत सोडायला पहारेकऱ्याला सांगितलं. ती रोज यायची. थोरले रोज यायचे. भांडणं पुन्हा थांबली.

घुम्या मात्र माझ्याशी बोलेनासा झाला. मी आले की तो दुसऱ्या टोकाला. एक दिवस कळलं की त्यानं बदली मागितलीय. मी तडक पंपाच्या खोलीत गेले आणि दारातच उभी राहिले.

"पळून चाललात?"

"तुमच्यासाठीच," तो खाली बघत म्हणाला. "मी... मी तुम्हाला काहीतरी विचारणार होतो. कधीपासून. पण कुठल्या तोंडानं विचारू? कोण मुलगी येईल आमच्या घरात? माझी आई मगरीला अहो म्हणते."

माझ्या तोंडून ते बाहेर पडलंच. "म्हणजे सासरे तलावात. बरंच की! निदान आमटी खारट झाली म्हणून टोमणे तरी मारणार नाहीत."

तो बघतच राहिला. मग हसला. इतका हसला की खोलीतले पाइप वाजले आणि हसता हसताच डोळे पुसायला लागला.

"भीती नाही वाटत तुम्हाला?"

"वाटते ना. थोरल्यांची वाटते. त्या पाण्याची वाटते. रात्री दिवा लावून झोपते मी. पण तुमची नाही वाटत... आणि मावशींची तर मुळीच नाही."

त्यानं हात पुढे केला आणि मध्येच थांबवला. उरलेलं अंतर मी कापलं. त्याचा हात ओला होता, गार होता आणि मला तो सोडवत नव्हता.

चार वाजून गेले होते. आम्ही तसेच बाहेर आलो. जाळीपाशी मावशी उभी होती, काठी खाली ठेवलेली, घास देऊन झालेला. आमचे हात तिनं पाहिले. काही विचारलं नाही. जाळीला कपाळ टेकवून पाण्याकडे बघत हळूच म्हणाली, "अहो, ऐकलंत का? बोलला बाई एकदाचा."

घाटावरची ती सकाळ सोडली तर थोरले घास संपल्यावर कधीच थांबत नसत. त्या दिवशी थांबले होते. पाण्याबाहेर अर्धे, न हलता. मग त्यांनी डोळे मिटले. एकदाच, सावकाश. आणि खाली गेले. पाण्यावर तरंगसुद्धा उठला नाही.

 त्यानं माझा हात घट्ट धरला.

"उद्या घरी येशील?" त्यानं विचारलं.

ते 'तुम्ही' कुठे गळून पडलं, त्याला कळलंही नव्हतं.

"उद्या कशाला?" मी म्हणाले. "आजच येते की."

दुसऱ्या हातानं मी मावशीचा हात धरला आणि आम्ही तिघं फाटकाकडे चालू लागलो. मागे, घाटाच्या बाजूला, पाण्यात कोणीतरी पाऊल टाकावं तसा आवाज झाला. आमच्यापैकी एकानंही वळून पाहिलं नाही.