डब्यातलं शेवटचं प्रकरण

"शी! म्हणे सगळं स्वप्नच होतं!" टिटवीने नवंकोरं पुस्तक सतरंजीवर आपटलं. "शंभर पानं पळवलं आणि शेवटी अंथरुणावर आणून टाकलं! मळमळतंय मला!"

"पण हा पोपट ओळखीचा वाटतो गं," तिचा गुबगुबीत धाकटा भाऊ भोपळा म्हणाला. "सगळ्यांवर 'चोर! चोर!' ओरडणारा. दोन वर्षांपूर्वी सुट्टीत आजोबांनी सांगितला होता ना?"

टिटवी आणि तिचा किडकिडीत मावसभाऊ काडी एकमेकांकडे बघतच राहिले.

आजोबा चाळीस वर्षं लिहीत आले होते. सकाळी मुलांच्या साहसकथा, दुपारी मोठ्यांसाठी खुनाच्या कादंबऱ्या. त्यांची भडक मुखपृष्ठं आजी वर्तमानपत्रात गुंडाळून ठेवायची. मुलांची प्रत्येक गोष्ट आधी नातवंडांना ऐकवली जायची, फक्त शेवट सोडून. गेल्या वर्षी मात्र प्रकाशकाने खोकंभर भुगा दाखवला. "वाळवीने खाल्लं हो तुमचं हस्तलिखित!" एकुलती एक प्रत! त्या दिवसापासून आजोबांनी पेन हातात धरलं नव्हतं.

आणि आता तीच गोष्ट प्रकाशकाच्या पुतण्याच्या नावावर! टिटवीला ते पुस्तक पुन्हा हातात घ्यायचीही किळस आली.

"आजोबांना सांगू या," काडी म्हणाला.

"पुराव्याशिवाय? ते म्हणतील, 'जाऊ दे!' या 'जाऊ दे'चाच तर वीट आलाय मला!" टिटवी एकदम थांबली. "अरे! डबा!"

आजोबा शेवटचं प्रकरण सर्वांत आधी लिहायचे आणि बिस्किटांच्या डब्यात ठेवायचे. चोर कोण हे छापखान्यात कुणाला कळू नये, म्हणून ते अगदी शेवटी द्यायचे. आणि वाळवीने खाल्लेल्या पुस्तकाचा शेवट प्रकाशक मागणार तरी कुठल्या तोंडाने?

डबा कपाटावरच होता आणि आतली पानंही शाबूत होती!

दुसऱ्या दिवशी वाचनालयात 'लेखकाशी गप्पा' होत्या. पुतण्याच्या अंगाला अत्तराचा असा घमघमाट होता की पुढच्या रांगेतल्या भोपळ्याने नाकच धरलं. शेजारी प्रकाशक पेन्सिलीने कान कोरत होता आणि त्याच पेन्सिलीने पाहुण्यांच्या यादीवर खुणा करत होता. टिटवीने तोंड वाकडं केलं. याच हातांनी त्याने आजोबांची पानं चाळली असतील!

ती उभी राहिली. "लेखककाका, पोपट सगळ्यांवर ओरडतो. मग इन्स्पेक्टर आला की गप्प का बसतो?"

"अं... घाबरत असेल."

"पोलिसाला? पाचव्या प्रकरणात तर तो हवालदाराच्या टोपीवर बसून ओरडतो!"

मुलं खो-खो हसली. पुतण्या त-त-प-प करू लागला. "म्हणजे... स्वप्नात काहीही होतं ना!"

"काहीही होत नाही!" टिटवी कडाडली. "ही गोष्ट माझ्या आजोबांची आहे, आणि हा तिचा खरा शेवट!" तिने डबा उघडून मोठ्याने वाचायला सुरुवात केली. इन्स्पेक्टरच तोतया होता, तोच चोर होता. पोपट त्याने लहानपणापासून वाढवलेला, म्हणून धन्यावर ओरडत नव्हता. एकेक धागा जुळत गेला.

ग्रंथपालबाईंनी पानं हातात घेतली. "हे हिच्या आजोबांचंच अक्षर, मी ओळखते. आणि तारीख दोन वर्षांपूर्वीची!" त्या प्रकाशकाकडे वळल्या. "त्यांचं हस्तलिखित खाल्लं म्हणून गावभर सांगितलंत, हीच का ती तुमची वाळवी?"

"गैरसमज... पुतण्याच्या हट्टापायी..." प्रकाशक घाम पुसत पुटपुटला. त्याने तिथल्या तिथे सगळ्या प्रती परत घ्यायचं आणि पुस्तक आजोबांच्या नावाने, खऱ्या शेवटासह काढायचं लिहून दिलं. सही त्याच पेन्सिलीने करायला निघाला, तेव्हा बाईंनी नाक मुरडून त्याच्यापुढे आपलं पेन ठेवलं.

बाई स्वतः मुलांना घरी घेऊन आल्या. "मुलं कसली, हिरे आहेत तुमचे!" त्यांनी सगळी हकिगत सांगितली.

"माझ्या गोष्टीचा शेवट... स्वप्न?" आजोबांनी विचारलं.

"हो ना, आजोबा!"

"शी!" आजोबा ताडकन उठले. "चोरलं ते चोरलं, वर असा विटाळ! अगं, माझं पेन कुठंय?"

आजीने पेन आणून दिलं. तासाभराने आजोबांनी घडी केलेली चार पानं डब्यात ठेवली आणि डबा टिटवीच्या हातात दिला.

"नव्या पुस्तकाचा शेवट. आजपासून तू सांभाळायचास. आणि खबरदार, वाचलंस तर!"